शेजाऱ्याशी भांडण झालं, तक्रार न्यायची कुठे?

जून उजाडला की विरार, डोंबिवली, कळवा, पनवेल, कुठल्याही उपनगरात दोन गोष्टी ठरलेल्या असतात. लोकल उशिरा धावते आणि कुणाच्या तरी बेडरूमच्या छतावर पिवळसर डाग उमटतो. डाग ताटलीएवढा असेपर्यंत बोलणं "वहिनी, जरा बाथरूम बघून घ्या ना" इतपत असतं. तो परातीएवढा झाला की सोसायटीच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर फोटो पडतो, खाली कुणीतरी हात जोडल्याचं चिन्ह टाकतं, कुणीतरी "हे असंच चालायचं" म्हणतं, आणि दिवाळीपर्यंत दोन घरांचं जाणं-येणं बंद झालेलं असतं. यातली काही भांडणं मग पेपरात शहराच्या पानावर चार ओळींत येतात: 'पार्किंगच्या वादातून मारहाण, दोघांवर गुन्हा'. वाचणाऱ्याला वाटतं, एवढ्याशा गोष्टीवरून?

माझं मत विचाराल तर, एवढीशी गोष्ट एवढी वाढते ती बहुतेकदा चुकीच्या ठिकाणी नेल्यामुळे. गळतीची तक्रार पोलिसांकडे जाते, दमदाटीची सहकार खात्याच्या उपनिबंधकाकडे, बिल्डरने केलेल्या निकृष्ट कामाची बिचाऱ्या सेक्रेटरीकडे. प्रत्येक ठिकाणी उत्तर एकच मिळतं, "हे आमच्याकडे येत नाही." या हेलपाट्यांत महिने जातात आणि डाग राहतो बाजूला, माणसंच एकमेकांच्या डोक्यात जातात. खरं तर कुठली तक्रार कुणाकडे, हे महाराष्ट्रात बऱ्यापैकी स्पष्ट लिहून ठेवलेलं आहे. फक्त ते वाचतं कोण!

फ्लॅट तुमचा, मग भिंत कुणाची?

आधी पाया. महाराष्ट्रात लाखाहून अधिक सहकारी गृहनिर्माण संस्था आहेत. आपण त्यांना सोसायटी म्हणतो. त्यांना महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, १९६० लागू होतो आणि २०१९ पासून त्यात गृहनिर्माण संस्थांसाठी वेगळं प्रकरणच जोडलेलं आहे. सोसायटीत तुम्ही भागधारक सभासद असता. अभिहस्तांतरण, म्हणजे बिल्डरकडून जमीन आणि इमारत सोसायटीच्या नावावर होणं, ते झालं की मालक सोसायटी. तुमच्याकडे असतो तो सभासदत्वाबरोबर येणारा, तुमच्या फ्लॅटचा वापर करण्याचा हक्क. तो विकता येतो, वारसांना देता येतो, पण तो सुटा नसतो.

एसटीत आरक्षण केलेल्या सीटसारखं हे आहे. सीटवर तुम्हीच बसणार, त्यावर दुसऱ्याचा दावा नाही. पण वरची सामानाची फळी, मधली वाट आणि दरवाजा सगळ्यांचा. फरक एवढाच की इथे गाडीसुद्धा प्रवाशांनी मिळूनच घेतलेली आहे, त्यामुळे टायर पंक्चर झाला तर खर्चही सगळ्यांनीच करायचा.

याच कारणाने शेजाऱ्याशी होणारं भांडण बऱ्याचदा दोघांचं राहत नाही, त्यात सोसायटी तिसरी बाजू असते. जिना, गच्ची, बाहेरची भिंत, डक्टमधले पाईप, कंपाऊंड हे सगळं समाईक. तिथे काय चालेल, हे ठरतं उपविधींनी. उपविधी म्हणजे सोसायटीची स्वतःची नियमावली. सरकारने नमुना म्हणून आदर्श उपविधी तयार केले आहेत आणि बहुतेक सोसायट्यांनी ते थोड्याफार फरकाने स्वीकारले आहेत. तुमच्या सोसायटीने कुठल्या सालचे स्वीकारले, हे सेक्रेटरीला विचारा आणि प्रत मागा. ती मागण्याचा हक्क तुम्हाला आहे.

एक सावधगिरी. पुण्यात आणि इतरत्रही बऱ्याच इमारती सोसायटी नसून 'अपार्टमेंट' असतात. त्यांना १९७० चा वेगळा कायदा लागतो, तिथे फ्लॅटची मालकी थेट तुमची असते आणि समाईक जागेत अविभक्त हिस्सा असतो. पुढचं बरंचसं त्यांना जसंच्या तसं लागू नाही. तेव्हा पहिल्यांदा नोंदणीचा कागद बघा.

गळती: आधी पाणी कुठलं ते शोधा

उपनगरातल्या भांडणांची राणी म्हणजे गळती. पैसे कुणी द्यायचे याचं उत्तर पाणी कुठून येतं यावर अवलंबून असतं, आणि नेमकं तेच न शोधता लोक थेट वरच्या मजल्याची बेल वाजवतात.

आदर्श उपविधींनुसार पावसाच्या पाण्याची गळती, बाहेरच्या समाईक पाईपलाईनची आणि ड्रेनेजची गळती, गच्चीची दुरुस्ती, गच्ची गळून वरच्या मजल्याच्या छताचं झालेलं नुकसान हे सगळं सोसायटीच्या खर्चाने करायचं. फ्लॅटच्या आतल्या संडास-बाथरूममधून, सिंकमधून होणारी गळती त्या-त्या सभासदाने आपल्या खर्चाने काढायची.

आता ओळखायचं कसं? डाग फक्त पावसाळ्यात ओला होतो आणि जानेवारीत खडखडीत कोरडा असतो, तर संशय बाहेरच्या भिंतीवर किंवा गच्चीवर घ्यावा. प्लास्टरला बारीक तडे गेलेले असतात, खिडकीच्या चौकटीचा सांधा उघडा असतो, एसीच्या पाईपसाठी पाडलेलं भोक नीट बुजवलेलं नसतं. वरच्या वहिनींचा यात काही दोष नाही. बारा महिने ओल असेल आणि सकाळी आंघोळीच्या वेळेनंतर वाढत असेल, तर वरच्या बाथरूमचा नहाणी ट्रॅप, टाईल्सचे सांधे किंवा खालचं वॉटरप्रूफिंग. वरचे लोक महिनाभर गावाला गेलेत, घराला कुलूप आहे, तरी पाणी ठिबकतंय? मग भिंतीत गाडलेली, कायम दाबाखाली असलेली नळाची लाईन फुटलेली असू शकते. त्यांच्या फ्लॅटचा मुख्य कॉक बंद करून दोन दिवस बघितलं की उलगडा होतो. आणि ओल डक्टच्या बाजूच्या भिंतीवर असेल तर समाईक पाईप आधी तपासावेत.

जुने प्लंबर एक साधी चाचणी करतात. नहाणीचं तोंड बंद करून बाथरूममध्ये थोडं रंगीत पाणी चोवीस तास साठवून ठेवायचं आणि खाली लक्ष ठेवायचं. खाली रंग उतरला की वाद संपला. कमोड, बेसिन, नहाणी एकेक करून तपासलं तर नेमका दोष सापडतो आणि वरच्याला सगळं बाथरूम फोडावं लागत नाही. वरचा माणूस टाळाटाळ करतो तो बहुतेक वेळा या फोडाफोडीच्या भीतीनेच. खर्चापेक्षा त्याला पंधरा दिवस बाथरूमशिवाय राहायचं दडपण असतं. हे लक्षात घेऊन बोललं तर निम्मी गाठ सुटते.

"पण ते घरातच घेत नाहीत!" हा पुढचा प्रश्न. आगाऊ कळवून फ्लॅटची पाहणी करण्याचा अधिकार उपविधींनी कमिटीला दिलेला आहे आणि सभासदाने तो करू द्यायचा असतो. म्हणून तक्रार लेखी द्या, कमिटीला पाहणीची मागणी करा, अहवाल लेखी घ्या. ग्रुपवरच्या फोटोला कुणी अर्ज म्हणत नाही. एवढं करूनही वरचा सभासद दुरुस्ती करत नसेल, तर पुढची पायरी सहकार न्यायालय, म्हणजे सहकारी संस्थांमधले वाद ऐकणारं न्यायालय. त्याचं पुढे बघू.

एक प्रकार मात्र वेगळा. वरच्यांनी नूतनीकरणात बाथरूम सरकवून तुमच्या बेडरूमच्या वर आणलं, किंवा बाल्कनी आत घेऊन तिथे मोरी केली. हा विनापरवाना बदल आहे आणि त्याची तक्रार महापालिकेकडे जाते. आपल्याकडे हे इतकं सर्रास चालतं की कुणाला त्यात काही वावगं वाटत नाही.

पार्किंगची रेघ कुणी मारली?

"मी बिल्डरला पार्किंगचे वेगळे पैसे दिलेत, पावती आहे." हे वाक्य ऐकलं नाही अशी सोसायटी सापडणं कठीण. २०१० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने दहिसरच्या पांचाली सोसायटीच्या खटल्यात सांगितलं की १९६३ च्या मोफा, म्हणजे फ्लॅटचं बांधकाम आणि विक्री यांवरच्या राज्याच्या कायद्याखाली, स्टिल्टमधली, म्हणजे खांबांवरच्या इमारतीखालची, आणि उघड्यावरची पार्किंगची जागा म्हणजे गॅरेज नव्हे, आणि बिल्डरला ती सुटी विकता येत नाही. ती समाईक सोयींचा भाग आहे. पुढे रेरा, म्हणजे बांधकाम प्रकल्पांवर नियमन करणारा केंद्राचा कायदा, आल्यावर छताखालच्या पार्किंगची व्यवस्था बदलली. नव्या प्रकल्पांत ते करारात रीतसर लिहून देता येतं. उघड्या जागेतलं मात्र आजही विकता येत नाही. म्हणजे तुमची पावती कुठल्या काळातली आणि कुठल्या जागेची, यावर तिची किंमत ठरते. काही पावत्यांची किंमत शून्य आहे, हे ऐकायला कुणालाच आवडत नाही.

गाड्या जास्त आणि जागा कमी असतील तर आदर्श उपविधींत सरळ उपाय आहे: दरवर्षी चिठ्ठ्या टाकून वाटप. यात पहिल्या दिवसापासून राहणाऱ्या काकांना खास हक्क नाही आणि कमिटीच्या चेअरमनलाही नाही. सोसायट्या हे टाळतात, कारण ज्यांच्याकडे आज जागा आहे तेच सभेला जोरात बोलतात. पार्किंगच्या वाटपाचा वाद सहकार न्यायालयात जातो. पण जागेच्या बेकायदा वापराने उपद्रव होत असेल किंवा हमरीतुमरी झाली असेल, तर तो पोलिसांचा विषय.

तळमजल्यावर राहतो, लिफ्टचे पैसे का देऊ?

द्यावे लागतात. लिफ्ट ज्या इमारतीत आहे तिथल्या सगळ्या सभासदांनी तिचा दुरुस्ती-देखभालीचा खर्च समान वाटून घ्यायचा, कुणी वापरो वा न वापरो, असं आदर्श उपविधींत आहे. सेवाशुल्क, म्हणजे वॉचमन, सफाई, जिन्यातली वीज वगैरेही प्रत्येक फ्लॅटमागे समान. 'माझा वन बीएचके, त्याचा थ्री बीएचके, मग सारखे पैसे कसे?' याचं उत्तर असं की वॉचमन घर किती मोठं ते बघून गेट उघडत नाही. मालमत्ता कर मात्र ज्याचा त्याचा, आणि पाण्याचा आकार फ्लॅटमधल्या नळजोडांची संख्या आणि आकार बघून. घरात माणसं किती, हे त्यात मोजत नाहीत, म्हणून 'त्यांच्याकडे आठ जण राहतात' हा मुद्दा इथे चालत नाही.

भाड्याने दिलेल्या फ्लॅटवर सोसायटी बिनभोगवटा शुल्क घेऊ शकते, पण २००१ च्या शासन निर्णयाने त्याला सेवाशुल्काच्या १० टक्क्यांची मर्यादा घातली आहे. त्याहून जास्त आकारलं तर तक्रार उपनिबंधकाकडे.

आवाज, कुत्री आणि कुंड्या

ध्वनिप्रदूषण नियम, २००० प्रमाणे निवासी भागात दिवसा ५५ आणि रात्री ४५ डेसिबल ही मर्यादा. रात्र म्हणजे दहा ते सहा. रात्री बांधकामाची आवाज करणारी यंत्रं निवासी भागात चालवायची नाहीत, म्हणून रात्री अकराला ड्रिल सुरू असेल तर पोलिसांना फोन करणं रास्तच आहे. वरच्या मुलाने चेंडू आपटणं किंवा सकाळी सहाला मिक्सर लावणं यावर मात्र कुठलाही डेसिबल-नियम कामाचा नाही. तिथे जिना चढून बोलणं हाच उपाय.

कुत्रा पाळायला सोसायटीला सरसकट बंदी घालता येत नाही आणि लिफ्टमधूनही त्याला हाकलता येत नाही, अशी भारतीय जीवजंतू कल्याण मंडळाची मार्गदर्शक भूमिका आहे. कुत्र्याने केलेली घाण साफ करणं, त्याला पट्टा लावून नेणं ही मालकाची जबाबदारी. भटक्या कुत्र्यांना खाऊ घालण्याचा वाद असेल तर २०२३ च्या प्राणी जन्मनियंत्रण नियमांनुसार रहिवाशांच्या संघटनेने त्यासाठी जागा ठरवून द्यायची असते, आणि ती जिन्याजवळ किंवा मुलांच्या खेळण्याच्या जागेत नसावी.

कुंड्यांचं पाणी खालच्यांच्या वाळत घातलेल्या कपड्यांवर पडतं, यासाठी कायदा शोधू नये. कुंडीखाली ताटली ठेवावी. रो-हाऊस आणि बंगल्यांत झाडाच्या फांद्यांवरून वाद होतात तेव्हा मात्र एक लक्षात ठेवा: शहरी भागात झाडाची तोड वृक्ष प्राधिकरणाच्या परवानगीशिवाय करता येत नाही. शेजाऱ्याच्या आंब्याचा कचरा तुमच्या अंगणात पडतो म्हणून परस्पर कुऱ्हाड चालवलीत तर आरोपी तुम्ही व्हाल.

सरळ पोलिसांत गेलं तर काय बिघडलं?

मारहाण, धमकी, बायकांशी गैरवर्तन असेल तर जायलाच हवं, ताबडतोब. बाकीच्या बाबतीत काय होतं ते समजून घ्या. किरकोळ शिवीगाळीची नोंद पोलीस एनसी म्हणून करतात, म्हणजे अदखलपात्र गुन्हा. त्यात दंडाधिकाऱ्याच्या आदेशाशिवाय पोलीस तपास करू शकत नाहीत. म्हणून एनसीचा कागद हातात येतो आणि पुढे काहीच होत नाही. तासाभरात समोरचाही तुमच्या नावाने एनसी देऊन येतो, त्याला क्रॉस एनसी म्हणतात. असं वारंवार झालं की 'चॅप्टर' होतं: शांतताभंगाची शक्यता दिसली की कार्यकारी दंडाधिकारी दोन्ही बाजूंना बोलावून जास्तीत जास्त वर्षभराचं, शांतता राखण्याचं बंधपत्र लिहून घेऊ शकतात. पूर्वी हे फौजदारी प्रक्रिया संहितेतलं कलम १०७ होतं, १ जुलै २०२४ पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत १२६. कामावर रजा टाकून दोन्ही शेजारी एकाच बाकावर बसून राहतात. छतावरचा डाग तिथल्या तिथेच.

कमिटीच त्यांच्या बाजूची असेल तर?

ही तक्रार खरीही असते आणि कधीकधी नुसती वाटतेही. आदर्श उपविधींत त्यासाठी कामांची वाटणी केलेली आहे. सुरुवात कमिटीला लेखी अर्जाने करायची, पोच घ्यायची, आणि कमिटीने तो सभेपुढे ठेवून निर्णय कळवायचा. तो कळवला नाही किंवा पटला नाही, तर विषय बघून पुढे जायचं.

सभासदत्व नाकारलं, भाग दाखला दिला नाही, वारसाची नोंद घेतली नाही, कागदपत्रांच्या प्रती दिल्या नाहीत, जादा हस्तांतरण शुल्क मागितलं: हे उपनिबंधकाचं काम. उपनिबंधक हा सहकार खात्याचा अधिकारी, सोसायटी कायद्याने चालते की नाही हे बघणारा. दोन सभासदांमधला वाद तो निकाली काढत नाही. लोकांचा सगळ्यात मोठा गैरसमज इथे आहे. दुरुस्ती आणि गळती, पार्किंग, पाण्याचं असमान वाटप, कमिटीचे किंवा सर्वसाधारण सभेचे ठराव, सभासदाकडून जादा वसुली यांसाठी सहकारी संस्था अधिनियमाच्या कलम ९१ खाली सहकार न्यायालय. तिथे रीतसर दावा, पुरावे, साक्षी असं सगळं होतं, अंतरिम आदेशही मागता येतो. बिल्डरने करार पाळला नाही किंवा निकृष्ट बांधलं, ते दिवाणी न्यायालयात. कमिटी इमारतीची निगाच राखत नाही, विमा काढत नाही, हे सर्वसाधारण सभेत विचारायचं.

भाडेकरू सोसायटीचा सभासद नसतो. त्याने कितीही रास्त तक्रार केली तरी ती मूळ मालकाच्या सहीने गेली तरच सोसायटीला तिची दखल घ्यावी लागते.

"मग मी मेंटेनन्सच भरत नाही!"

उपनगरातला हा सगळ्यात लाडका सत्याग्रह, आणि सगळ्यात महागडा. गळती थांबवली नाही म्हणून मेंटेनन्स थांबवणारा माणूस काही महिन्यांत थकबाकीदार ठरतो, त्याला कमिटीची निवडणूक लढवता येत नाही, आणि २०१४ च्या आदर्श उपविधींत थकबाकीवर वर्षाला २१ टक्क्यांपर्यंत सरळ व्याजाची मुभा आहे. सोसायटी उपनिबंधकाकडून वसुली दाखला आणू शकते. जुने सेक्रेटरी अजून त्याला '१०१ ची नोटीस' म्हणतात, कारण आधी ते कलम १०१ होतं. त्यात तुमची गळती हा बचाव फारसा टिकत नाही. पैसे निषेध नोंदवून भरावेत आणि भांडण वेगळं चालवावं.

उलट बाजूनेही मर्यादा आहे. पैसे थकले म्हणून कमिटीने कुणाचं पाणी तोडायचं नाही. अत्यावश्यक सेवा बंद करण्याला मोफा कायद्यात मनाई आहे, आणि असं करणारी कमिटी स्वतःची बाजू हातानेच कमजोर करते.

गावाला तंटामुक्ती समिती, उपनगराला काय?

शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये, हे आपल्याकडे आजोबांपासून ऐकत आलोय. सहकार न्यायालयात निकालाला वर्षं लागू शकतात, वर अपील आहेच. गावांसाठी राज्य सरकारने १५ ऑगस्ट २००७ पासून महात्मा गांधी तंटामुक्त गाव मोहीम सुरू केली. बांधाची, पाटाच्या पाण्याची भांडणं गावातच मिटवण्यासाठी समित्या नेमल्या. त्याच गावांतून डोंबिवली-बदलापूरला आलेल्या माणसांसाठी तसं काही नाही. माझ्या मते ही मोठी उणीव आहे. भांडणं तीच आहेत, फक्त बांधाच्या जागी स्लॅब आला.

जे उपलब्ध आहे त्यात लोकअदालत सगळ्यात सोपी. तालुका किंवा जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे साधा अर्ज केला तर दावा दाखल होण्याआधीच प्रकरण लोकअदालतीत ठेवता येतं. दोघांच्या संमतीने तडजोड झाली की तिला न्यायालयाच्या हुकूमनाम्याचं बळ येतं आणि त्यावर अपील नसतं. संमती मात्र दोघांची हवी.

मध्यस्थी कायदा, २०२३ मध्ये 'सामुदायिक मध्यस्थी' नावाचं प्रकरण आहे आणि ते वाचताना मला पहिल्यांदा वाटलं की कुणाला तरी सोसायट्या ठाऊक आहेत. एखाद्या परिसरातल्या रहिवाशांच्या शांततेला बाधा आणणारा वाद दोघांच्या संमतीने तीन मध्यस्थांपुढे नेता येईल, अशी ती योजना. परिसरातली प्रतिष्ठित माणसं, रहिवासी संघटनांचे प्रतिनिधी असे लोक मध्यस्थ होऊ शकतात. या कायद्याची कलमं टप्प्याटप्प्याने लागू केली जात आहेत, म्हणून आपल्या जिल्ह्यात काय सोय आहे ते विधी सेवा प्राधिकरणात विचारावं लागेल. तिथे होणारी तडजोड न्यायालयाच्या हुकूमनाम्यासारखी अंमलात आणता येत नाही, असं कायद्यातच म्हटलंय. पुष्कळ वकिलांना ही त्रुटी वाटते. मला तसं वाटत नाही. हुकूमनामा मिळाला तरी बाथरूमची दुरुस्ती वरच्यांनाच करायची असते, आणि त्या पंधरा दिवसांत त्यांना आंघोळीला तुमच्याच घरी यावं लागेल, अशीही शक्यता असते.